समोरच्या माणसावर दिवाणी कोर्टाचा निकाल आहे का, हे शोधायचं कसं: इसार देण्याआधीचं सगळं काम

माझा आतेभाऊ साताऱ्याजवळ एक बांधलेलं घर घ्यायला निघाला होता, पाच लाख इसार द्यायचा दिवस ठरला होता, आणि आदल्या रात्री त्याचा फोन आला की ताई, मी त्या माणसाचं नाव कोर्टाच्या ॲपवर टाकून बघितलं, काहीच नाही, नो रेकॉर्ड आलं, म्हणजे माणूस स्वच्छ आहे. मी एका वकीलसाहेबांच्या ऑफिसात नऊ वर्षं टायपिंग, फायलिंग आणि नकला काढायचं काम केलंय, त्यामुळे मी पहिलं हेच विचारलं की नाव टाकलंस कसं. म्हणाला, पूर्ण नाव, आधी स्वतःचं मग वडलांचं मग आडनाव, आणि वर्ष टाकलं चालू. म्हणजे त्याने एका कोर्टात, एका वर्षात, एकाच पद्धतीने लिहिलेलं नाव शोधलं होतं. मग रात्री साडेदहापासून दीडपर्यंत आम्ही दोघं फोनवर बसलो आणि त्याच नावावर तीन केसेस निघाल्या. एक दुसऱ्याच माणसाची होती, एक घरातल्या वाटपाची, ज्यात त्याचा काही दोष नव्हता, आणि तिसरी मात्र थेट त्या घराच्या अंगावर येणारी.

त्या रात्री जे केलं ते सगळं इथे क्रमाने लिहितेय. मी वकील नाही आणि हे वकिलाच्या ऐवजी वापरायचं पण नाही, पण वकिलाकडे जाताना केस नंबर हातात असला तर निम्मं काम झालेलं असतं.

आधी नक्की काय शोधताय ते

लोक म्हणतात "त्याच्यावर केस आहे का बघ", पण केस असणं, निकाल लागणं आणि निकालाचे पैसे वसूल व्हायचे बाकी असणं या तीन वेगळ्या गोष्टी आहेत. दिवाणी दाव्यात न्यायाधीश कारणं देऊन जे लिहितात ते न्यायनिर्णय म्हणजे जजमेंट, आणि त्यावरून कोणी कोणाला काय द्यायचं हे ज्या कागदावर येतं तो हुकूमनामा म्हणजे डिक्री. नुसता हुकूमनामा मिळाला म्हणून पैसे येत नाहीत, त्याच्या अंमलबजावणीसाठी पुन्हा अर्ज करावा लागतो आणि त्याला आपल्याकडच्या कोर्टात अजूनही दरखास्त म्हणतात. माझं ठाम मत आहे की एखाद्याशी पैशाचा व्यवहार करायचा असेल तर सगळ्यात महत्त्वाचा शब्द दरखास्त हाच आहे. दावे काय, भावाभावांतही होतात. दरखास्त चालू आहे म्हणजे कोर्टाने द्या सांगितलेलं अजून दिलेलं नाही.

हुकूमनाम्याची अंमलबजावणी मागायला मुदतीच्या कायद्याप्रमाणे १२ वर्षं मिळतात, आणि कायमच्या मनाई हुकमाला ही मुदतच लागू होत नाही. म्हणून शोध कमीत कमी मागच्या १२ वर्षांत लागलेल्या निकालांचा घ्यायचा. त्यात दावा चालायलाच पाच-सात वर्षं जातात, त्यामुळे दावा दाखल झाल्याचं वर्ष आणखी मागे असू शकतं. मी साधारण २००५ पासून बघते.

नाव गोळा करणं, इथेच बहुतेकांचं चुकतं

कागद घेऊन बसा आणि त्या माणसाचं नाव किती प्रकारे लिहिलं गेलं असेल ते सगळं लिहून काढा. कोर्टाच्या नोंदीत पक्षकारांची नावं बहुतेक ठिकाणी इंग्रजी अक्षरांत भरलेली असतात आणि स्पेलिंग ज्याने त्या दिवशी भरलं त्याच्या मनाचं असतं. वाघ हे डब्ल्यूने पण लिहितात आणि व्हीने पण. ज्ञानेश्वर डीने सुरू होतो, कधी जीने. विठ्ठलमध्ये टी एक की दोन, लक्ष्मणमध्ये एक्स की के-एस-एच, आणि जाधव विदर्भात कितीतरी जण शेवटी ए-ओ लावून लिहितात. आडनाव आधी की नाव आधी हा वेगळाच गोंधळ. माझ्या आतेभावाला नो रेकॉर्ड आलं ते याच्यामुळेच, नोंदीत आडनाव आधी होतं आणि वडलांचं नाव नुसतं आद्याक्षराने होतं.

याशिवाय उर्फ असलेली नावं, बाईंचं माहेरचं नाव, आणि दुकान किंवा फर्म असेल तर तिचं नाव (नोंदीत "अमुक ट्रेडर्स तर्फे प्रोप्रायटर" असं असतं). वडील वारले असतील तर त्यांच्याही नावाने शोधा, कारण जुना दावा त्यांच्या नावाने असतो आणि पुढे "मयत तर्फे वारस" म्हणून मुलं त्यात येतात. गोव्यात व्यवहार असेल तर नवरा-बायको दोघांची नावं शोधाच, तिथे पोर्तुगीज काळापासूनच्या सामाईक मालमत्तेच्या कायद्यामुळे मिळकतीच्या दाव्यात दोघांनाही पक्षकार करतात.

आणि माणूस ओळखायला लागणाऱ्या गोष्टी वेगळ्या लिहून ठेवा: वडलांचं पूर्ण नाव, राहतं गाव, आधी कुठे राहायचा, वय, धंदा. या कशाला लागतात ते पुढे येईलच.

कुठल्या कोर्टात बघायचं

दिवाणी प्रक्रिया संहितेची दोन कलमं डोक्यात ठेवली की कोर्टं आपोआप ठरतात. कलम १६ म्हणतं स्थावर मिळकतीचा दावा जिथे मिळकत आहे तिथल्या कोर्टात. कलम २० म्हणतं बाकीचे दावे, म्हणजे उसने पैसे, मालाचं बिल, करार मोडला वगैरे, हे प्रतिवादी जिथे राहतो किंवा धंदा करतो तिथे, नाहीतर व्यवहार जिथे घडला तिथे. म्हणजे माणूस आज साताऱ्यात राहतो पण दहा वर्षं पिंपरीत वर्कशॉप चालवायचा, तर साताऱ्याबरोबर पुणे जिल्हा पण आला.

जिल्हा म्हटलं की नुसतं जिल्ह्याचं कोर्ट नाही. सातारा जिल्हा घेतला तर सातारा, कराड, वाई, फलटण, कोरेगाव, वडूज, पाटण अशी तालुक्यांची कोर्टं आहेत आणि प्रत्येकाचा शोध वेगळा घ्यावा लागतो. लहान दावे तालुक्याला कनिष्ठ स्तर दिवाणी न्यायाधीशांकडे चालतात, तिथे दाव्याला रेग्युलर सिव्हिल सूट म्हणजे नियमित दिवाणी दावा म्हणतात, आणि मोठ्या रकमेचे वरिष्ठ स्तरावर स्पेशल सिव्हिल सूट म्हणजे विशेष दिवाणी दावा. धंद्यातला वाद ३ लाखांच्या वरचा असेल तर तो कमर्शियल सूट म्हणून वेगळ्या प्रकारात पण असू शकतो.

मुंबईचं वेगळं आहे. तिथे सिटी सिव्हिल कोर्ट, भाड्याच्या वादांसाठी लघुवाद न्यायालय म्हणजे स्मॉल कॉजेस, आणि मोठ्या रकमेचे दावे थेट हायकोर्टाच्या ओरिजिनल साइडला. सिटी सिव्हिल कोर्टाची मर्यादा आधी १ कोटी होती, २०२४ पासून १० कोटी झाली, त्यामुळे मुंबईतल्या माणसाचा शोध दोन्हीकडे घ्या.

ई-कोर्ट्सवर प्रत्यक्ष शोध

ई-कोर्ट्स सर्व्हिसेस ही सरकारी वेबसाइट आणि त्याच नावाचं ॲप, दोन्ही फुकट आहेत आणि लॉगिन लागत नाही. सुप्रीम कोर्टाच्या ई-कमिटीच्या देखरेखीखाली २००७ पासून हा प्रकल्प चालू आहे. मी शोध घेताना कॉम्प्युटरवर वेबसाइट वापरते, कारण नोंदी शेजारी शेजारी उघडून बघता येतात, आणि ॲप नंतर त्या केसवर लक्ष ठेवायला वापरते.

वेबसाइटवर केस स्टेटसमध्ये जा. राज्य महाराष्ट्र, मग जिल्हा, मग कोर्ट कॉम्प्लेक्स म्हणजे ज्या गावचं कोर्ट ते. (मुंबईचं सिटी सिव्हिल, स्मॉल कॉजेस, राज्यातली फॅमिली कोर्टं, कामगार न्यायालयं हे सगळं जिल्ह्यांच्याच यादीत वेगळ्या नावाने मिळेल, यादी शेवटपर्यंत बघा.) मग पार्टी नेम हा टॅब. इथे कमीत कमी तीन अक्षरं लागतात, नोंदणीचं वर्ष भरावंच लागतं, आणि खाली पेंडिंग, डिस्पोज्ड आणि बोथ असे तीन पर्याय असतात. बोथ निवडा. पेंडिंगवरच ठेवून शोधलं तर निकाल लागलेलं काहीच दिसणार नाही, आणि आपल्याला तर निकालच बघायचेत.

नाव टाकताना पूर्ण नाव टाकू नका. आधी नुसतं आडनाव, आणि ते पाटील-शिंदे-जाधवांसारखं असेल तर शेकड्याने नावं येतात, मग तिथे पहिलं नाव टाकून बघायचं आणि यादीत आडनाव डोळ्याने शोधायचं. स्पेलिंगबद्दल शंका असेल तर नावाचा तेवढाच तुकडा टाका जो सगळ्या स्पेलिंगमध्ये सारखा राहतो. कॅपचा चुकतो, साइट मध्येच अडकते, रात्री उशिरा किंवा पहाटे बरी चालते.

आणि हे दर वर्षाला परत. एक कोर्ट, वीस वर्षं, दोन-तीन प्रकारची नावं, म्हणजे पन्नास-साठ वेळा तेच बटण दाबणं आलं. कंटाळवाणं आहे, खरंच आहे, पण याला दुसरा रस्ता नाही. एका वहीत आडवं वर्ष आणि उभी कोर्टं असा तक्ता आखा आणि बघून झालं की खूण करा, नाहीतर तासाभराने वाईचं २०१४ बघितलं होतं का नाही तेच आठवत नाही.

यादीत नाव सापडलं की व्ह्यू करून आत जा. वर जो १६ अक्षरांचा सीएनआर नंबर दिसतो तो आधी लिहून घ्या. पहिली चार अक्षरं राज्य आणि जिल्हा, पुढचे दोन आकडे त्या जिल्ह्यातलं कोर्ट, मग सहा आकडी नंबर आणि शेवटी वर्ष. हा एक नंबर असला की पुढे कुठूनही ती केस एका फटक्यात उघडते आणि वकिलालाही एवढाच पाठवला तरी पुरतो.

यादीत वादी-प्रतिवादी म्हणून जी नावं दिसतात ती फक्त पहिली असतात, आत गेल्यावर सगळे पक्षकार दिसतात, तुमचा माणूस प्रतिवादी नंबर ६ असू शकतो. शिवाय कोर्ट ऑर्डर्स हा वेगळा विभाग आहे, तिथेही पार्टीच्या नावाने शोध घेता येतो. कॅव्हेट सर्च पण आहे, कॅव्हेट म्हणजे माझं ऐकल्याशिवाय आदेश देऊ नका असा कोर्टात आधीच टाकलेला अर्ज. दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम १४८ अ खालचं कॅव्हेट ९० दिवस चालतं, आणि त्या माणसाने किंवा त्याच्याविरुद्ध कोणी नुकतंच कॅव्हेट टाकलेलं दिसलं तर समजा कुठेतरी वाद शिजतोय, दावा दाखल व्हायचा बाकी असेल एवढंच.

नोंद उघडली, आता वाचायचं काय

स्टेटसमध्ये "केस डिस्पोज्ड" दिसलं की लोकांना वाटतं संपलं. त्याच्या शेजारी किंवा खाली निकालाचा प्रकार लिहिलेला असतो, खरी माहिती तिथे आहे. कन्टेस्टेड आणि डिक्रीड असेल तर दोन्ही बाजू लढल्या आणि दावा मंजूर झाला, म्हणजे प्रतिवादीविरुद्ध हुकूमनामा आहे. एक्स-पार्टी म्हणजे एकतर्फी, प्रतिवादी हजरच झाला नाही, आणि असा निकाल नंतर अर्ज करून रद्द पण होऊ शकतो, म्हणून पुढे काय झालं ते बघा. डिसमिस्ड इन डीफॉल्ट म्हणजे वादीच आला नाही म्हणून दावा काढून टाकला, यात प्रतिवादीविरुद्ध काही ठरलेलं नाही. कॉम्प्रमाइज म्हणजे तडजोड, पण तडजोडीचा पण हुकूमनामा होतो आणि हप्ते थकले की दरखास्त येते. लोकअदालतीत मिटलं असेल तर तो निवाडा १९८७ च्या विधी सेवा कायद्याने हुकूमनाम्यासारखाच धरला जातो आणि त्यावर अपीलही नाही, तेव्हा "लोकअदालतीत मिटलं" एवढ्यावर निर्धास्त होऊ नका, अटी काय होत्या ते वाचा.

खाली तारखांचा इतिहास असतो, त्यातली एकेक तारीख उघडली की त्या दिवशी काय झालं ते एक-दोन ओळीत कळतं. आणि त्याखाली आदेश आणि अंतिम न्यायनिर्णय यांच्या पीडीएफ. जुन्या निकालांच्या पीडीएफ नसतात बऱ्याचदा. असेल तर शेवटच्या पानावरचा "आदेश" आधी वाचा, दावा मंजूर की अंशतः मंजूर, रक्कम किती, व्याज किती टक्के आणि कधीपासून, खर्च कोणावर. मग पहिल्या पानावरची नावं, वय, धंदा, पत्ता. तुमच्या वहीत लिहिलेल्या खुणा इथे जुळवायच्या. आमच्या तीनपैकी एक केस इथेच गळली, नाव तेच, आडनाव तेच, वडलांच्या नावाचं आद्याक्षर पण तेच, पण वय २०११ मध्ये ६८ होतं आणि आमचा घरमालक पंचेचाळिशीचा. दुसऱ्याची केस एखाद्याच्या माथी मारणं फार वाईट, आपल्याकडे तर एका गावात एका नावाचे चार जण असतात, म्हणून दोन तरी खुणा जुळल्याशिवाय "हाच तो" म्हणायचं नाही.

दुसरी केस वाटपाची होती, बहिणीने भावांविरुद्ध लावलेली. अशा दाव्यात भाऊ प्रतिवादी असतातच, ती काही बुडवेगिरी नाही, पण ज्या मिळकतीचं वाटप मागितलंय तीच मिळकत तुम्ही घेताय का हे मात्र बघायलाच हवं. निकालातलं दावा मिळकतीचं वर्णन, गट नंबर, सिटी सर्व्हे नंबर, चतुःसीमा वाचा आणि तुमच्या खरेदीच्या कागदाशी ताडून बघा. आमच्या बाबतीत तो दावा गावाकडच्या शेतीचा निघाला, घराचा नव्हता.

चालू दाव्यात सगळ्यात आधी बघायचा आदेश म्हणजे निशाणी ५ वरचा (निशाणी म्हणजे फायलीतल्या कागदाचा नंबर). आपल्या कोर्टांत तात्पुरत्या मनाईचा अर्ज बहुतेक वेळा निशाणी ५ ला असतो, म्हणून वकील नुसतं "एक्झिबिट फाइव्ह झालं का" असं विचारतात. तो मंजूर असेल तर मिळकत विकायलाच मनाई असू शकते.

दरखास्त आणि अपील

विरुद्ध हुकूमनामा सापडला की तिथे थांबू नका, दोन दिशांनी पुढे जा.

एक, अपील. जिल्हा कोर्टात अपिलाला ३० दिवस आणि हायकोर्टात ९० दिवस मिळतात, उशीर माफ करून नंतरही दाखल होतं. त्याच नावाने जिल्हा कोर्टाच्या कॉम्प्लेक्समध्ये सिव्हिल अपील शोधा, आणि हायकोर्टासाठी हायकोर्टाची वेगळी केस स्टेटस सेवा आहे तिथे बघा. मुंबई हायकोर्टाचं मुख्य पीठ, नागपूर, औरंगाबाद आणि गोवा खंडपीठ आहेच, शिवाय १८ ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापूरला सर्किट बेंच सुरू झालंय आणि कोल्हापूर, सांगली, सातारा, सोलापूर, रत्नागिरी, सिंधुदुर्ग हे सहा जिल्हे तिकडे गेलेत, तेव्हा जुनं अपील मुंबईत आणि नवं कोल्हापुरात असंही होईल. अपील केलं म्हणजे हुकूमनामा थांबला असं मात्र नाही, स्थगिती वेगळी मागावी लागते, तिचा आदेश आहे का ते बघा.

दोन, दरखास्त. केस टाइपमध्ये रेग्युलर दरखास्त, स्पेशल दरखास्त असं असतं. इथे हुकूमनामा मिळालेला माणूस अर्जदार आणि आपला माणूस समोरची बाजू. दरखास्त निकाली असेल तर कशी निकाली ते बघा. पूर्ण वसुली झाली म्हणून निकाली आणि अर्जदार हजर नाही म्हणून निकाली यात जमीन-अस्मानाचं अंतर आहे, दुसऱ्या प्रकारात मुदतीत असेल तर नवी दरखास्त येऊ शकते. माणूस तोंडी सांगेल की पैसे दिले, बाहेर मिटवलं. कोर्टाबाहेर दिलेले पैसे कोर्टात नोंदवावे लागतात, नाहीतर अंमलबजावणी करणारं कोर्ट ते धरत नाही. दिवाणी प्रक्रिया संहितेचा ऑर्डर २१ नियम २ असा स्पष्ट आहे.

आमची तिसरी केस हीच होती. २०१६ चा विशेष दिवाणी दावा, एका व्यापाऱ्याच्या मालाच्या बिलाचे पैसे थकलेले, २०१९ मध्ये हुकूमनामा, २०२० ची दरखास्त अजून चालू, आणि तारखांच्या इतिहासात मध्येच एक ओळ की स्थावर मिळकतीवर जप्तीचा हुकूम काढला. जप्ती झाल्यावर मालकाने ती मिळकत खाजगीत विकली तर त्याच संहितेच्या कलम ६४ प्रमाणे ती विक्री त्या जप्तीखालच्या वसुलीच्या आड येऊ शकत नाही, म्हणजे घर घेणाऱ्याचे पैसे जाऊन घर कोर्टाच्या लिलावात निघू शकतं. जप्तीचा हुकूम खरं तर मिळकतीवर डकवतात आणि दवंडी देतात, पण दोन वर्षांनी दारावर कागद काय राहणार.

जे ई-कोर्ट्सवर दिसतच नाही

हा भाग मला फार महत्त्वाचा वाटतो, कारण आपल्याकडची निम्मी वसुली दिवाणी कोर्टात होतच नाही. पतसंस्था आणि सहकारी बँका महाराष्ट्र सहकारी संस्था कायदा १९६० च्या कलम १०१ खाली उपनिबंधकांकडून वसुली दाखला घेतात. गावात सगळे "एकशे एकचा दाखला" म्हणूनच ओळखतात. तो हुकूमनाम्याइतकाच जड असतो, त्यावर वसुली अधिकारी जप्ती आणि लिलाव करतो, आणि ई-कोर्ट्सवर त्याचा मागमूस नसतो. जामीनदार म्हणून सही केलेल्या माणसावरही तो निघतो. तो सापडायची जागा म्हणजे सातबाराचा इतर हक्क रकाना, फेरफार, सिटी सर्व्हेचा प्रॉपर्टी कार्ड उतारा, आणि तालुक्याचं सहायक निबंधक कार्यालय.

मोठ्या बँकांची २० लाख आणि त्यावरची थकबाकी कर्ज वसुली न्यायाधिकरणात म्हणजे डीआरटीत जाते, आपल्याकडे मुंबई, पुणे, नागपूर आणि औरंगाबादला आहेत, त्यांच्या वेबसाइटवर पक्षकाराच्या नावाने शोध होतो. कर्जांची नोंद ठेवणाऱ्या सिबिलच्या साइटवर सूट फाइल्ड म्हणजे बँकेने दावा लावलेल्या खात्यांचा शोध सगळ्यांना फुकट खुला आहे, त्यात १ कोटी आणि वरचे डिफॉल्टर आणि २५ लाख आणि वरचे विलफुल म्हणजे मुद्दाम बुडवणारे डिफॉल्टर दिसतात, संचालकाच्या नावाने पण. बिल्डर असेल तर महारेरा म्हणजे घरबांधणी प्रकल्पांच्या नियामकाच्या साइटवर प्रकल्पाची नोंद, तक्रारींचे आदेश आणि वसुली वॉरंट बघा. दुकानदार, ठेकेदार, बिल्डर यांच्याविरुद्धचे ग्राहक आयोगाचे निकाल आता ई-जागृती या साइटवर आहेत, ती २०२५ च्या सुरुवातीला चालू झाली. कंपनी असेल तर एनसीएलटी म्हणजे कंपन्यांचं न्यायाधिकरण. शेतीचे महसुली वाद, म्हणजे तहसीलदार, प्रांत, अप्पर जिल्हाधिकारी यांच्यापुढचे, हे दिवाणी कोर्टात नसतातच, त्यांच्यासाठी महसूल खात्याची अर्धन्यायिक केसेसची वेगळी साइट आहे.

लवादाचे म्हणजे दोन्ही बाजूंनी करारात ठरवलेल्या पंचाचे निवाडे खाजगी असतात, फायनान्स कंपन्यांच्या करारात लवादाचं कलम सर्रास असतं. तो निवाडा शोधून मिळणार नाही, पण वसुलीसाठी तो कोर्टात दरखास्त म्हणूनच येतो, तेव्हा अर्जदार म्हणून फायनान्स कंपनीचं नाव असलेली दरखास्त दिसली तर मागे दावा नाही म्हणून गोंधळू नका. आणि नावाने शोधताना एस.सी.सी. (समरी क्रिमिनल केस) नंबरचे खटले दिसले तर त्यातले बरेचसे चेक न वटल्याचे, १३८ चे असतात. ते फौजदारी आहेत, पण पैशाच्या सवयीबद्दल बरंच सांगतात.

घटस्फोट, पोटगी, मुलांचा ताबा यातलं काही दिसलं तर सोडून द्या. ते उकरणं तुमच्या व्यवहाराला लागत नाही आणि कायद्याने पण तिथे गोपनीयता आहे.

मिळकत घेताय तर आयजीआर महाराष्ट्र म्हणजे नोंदणी खात्याच्या ई-सर्चवर इंडेक्स टू म्हणजे नोंदवलेल्या दस्तांचा गोषवारा बघाच, दाव्याची लिस पेंडन्सची म्हणजे या मिळकतीवर दावा चालू आहे अशी नोटीस दुय्यम निबंधकाकडे नोंदवलेली असेल तर ती तिथे दिसते. वकील जो ३० वर्षांचा सर्च रिपोर्ट देतात तो सहसा याच नोंदणी ऑफिसचा असतो, त्यात कोर्टाचा शोध धरलेला आहे असं समजू नका, स्पष्ट विचारा. डिजिटल सहीचा सातबारा १५ रुपयांत ऑनलाइन मिळतो.

नक्कल काढणं

स्क्रीनवरची माहिती पुरावा नाही, तसं त्या साइटवर लिहिलेलंच असतं. महत्त्वाचं काही सापडलं की ज्या कोर्टाचं आहे तिथे जाऊन नक्कल विभागात प्रमाणित प्रतीचा अर्ज द्यायचा. केस नंबर, निकालाची तारीख, कोणते कागद हवेत (न्यायनिर्णय आणि हुकूमनामा दोन्ही वेगळे मागा), आणि कोर्ट फी स्टॅम्प. तुम्ही त्या केसमध्ये पक्षकार नसाल तर त्रयस्थ म्हणून अर्ज करायचा आणि कशासाठी हवं ते प्रतिज्ञापत्रावर लिहायचं. कारण सरळ लिहा: "सदर इसमाकडून घर मिळकत खरेदी करणार असल्याने". लपवायचं काही नाही त्यात. माहिती अधिकारात अर्ज करून कोर्टाच्या नकला मागायचा नाद करू नका, सुप्रीम कोर्टाने २०२० मध्येच सांगितलंय की त्या हायकोर्टाच्या नियमांप्रमाणेच मागायच्या.

जुनं, कॉम्प्युटरवर न आलेलं काही असेल तर साल आणि नावं घेऊन रेकॉर्ड विभागात चौकशी करावी लागते, तिथे रोजचा राबता असलेल्या वकिलाच्या कारकुनाला सोबत घ्या. आणि जप्तीबद्दल नक्की कळायचं असेल तर दरखास्तीचा रोजनामा म्हणजे तारीखवार नोंद आणि जप्ती हुकमाची नक्कल मागा, हुकूम बजावणाऱ्या बेलिफाचा अहवाल त्याच फायलीत असतो.

सापडलेलं सगळं घेऊन आधी त्या माणसाशी बोला. आतेभाऊ तर रागाने व्यवहारच मोडायला निघाला होता आणि सोसायटीच्या ग्रुपवर टाकतो म्हणत होता, मी त्याला शपथ घातली की एक अक्षर कुठे टाकायचं नाही, निकाल सार्वजनिक असला तरी अर्धवट माहिती पसरवून माणसाची अब्रू घालवणं वेगळं, आणि त्याबद्दल तुमच्यावरच दावा लागू शकतो. घरमालकाला कागद दाखवले तेव्हा त्याने कबूल केलं की रक्कम बाकी आहे. शेवटी असं ठरलं की खरेदीच्या रकमेतूनच हुकूमनाम्याचे पैसे डीडीने परस्पर त्या व्यापाऱ्याला जायचे, आणि त्याआधी इसारपावती करायची नाही. वकीलसाहेबांनी मसुदा केला, ठरलेल्या तारखेला दोघं कोर्टात हजर राहिले, व्यापाऱ्याने पूर्ण वसुलीची पुरसीस (कोर्टाला द्यायचं लेखी निवेदन) दिली, कोर्टाने दरखास्त निकाली काढून जप्ती उठवली, आणि त्या आदेशाची नक्कल हातात आल्यावरच उरलेला व्यवहार झाला.

खरेदीखताच्या आदल्या संध्याकाळी आम्ही परत एकदा सगळी कोर्टं त्याच नावाने बघितली, चालू वर्ष आणि आधीचं वर्ष, कॅव्हेटसकट. अर्धा तास लागला, कारण वहीतला तक्ता तयारच होता.